येळवशीला हरवलेला रहाट

१

रहाट जागेवर नव्हता.

सोनजांबच्या आरोग्य उपकेंद्रात मी दुपारी बारा वाजता पाऊल टाकलं तेव्हा लाकडी घडवंची रिकामी होती. तिच्यावरच्या धुळीत एक गोल उमटला होता आणि सिस्टर धम्मप्रिया सोनकांबळे त्या गोलाकडे बघत उभ्या होत्या. मला पाहून त्या एवढंच म्हणाल्या, "साहेब, तुमी आजच कामून आलात?"

प्रश्न रास्त होता. मी धम्मानंद सरवदे, नांदेड विभागाचा रहाट-तपासनीस. पहाटे नांदेडहून निघालो, अहमदपूरला एसटी बदलली आणि चाकूरच्या स्टँडवर उतरलो, तर ना रिक्षा, ना चहाची टपरी. मग डोक्यात प्रकाश पडला. येळवस! मार्गशीर्षातली अमावस्या. या दिवशी लातूरकडचा माणूस घरात सापडत नाही. अख्खा जिल्हा रानात जेवायला जातो. आमच्या नांदेडच्या कचेरीला त्या दिवशी सुट्टी नसते, त्यामुळे मला भान राहिलं नाही. तीन किलोमीटर उपाशीपोटी चालत आलो होतो. मी मुळात तापट. उपाशी असलो तर विचारूच नका.

ज्यांच्या मुलखात काळे खडे पडले नाहीत त्यांच्यासाठी दोन शब्द सांगतो. वीस वर्षांपूर्वी आमच्या खोऱ्यात ते आभाळातून पडले. त्यांना ऊन पाजलं की ते शक्ती धरतात, आणि ती शक्ती सोडली की भोवतालची वेळ वाकते. असा खडा घागरीएवढ्या पितळी यंत्रात बसवला की झाला काळरहाट. मूठ डावीकडे फिरवली की बारा पावलांच्या आतली वेळ मुंगीच्या चालीनं जाते. साप चावलेला माणूस आत निजवायचा. बाहेर सहा तास उलटतात, त्याच्या अंगात एकच तास जातो, तोवर लातूरहून औषध येऊन पोचतं. मूठ उजवीकडे फिरवली की सगळं उलट. बाहेर एक तास, आत सहा. उजव्या फेऱ्याला आम्ही खीळ घालून ठेवतो, कारण त्यात साठवलेलं ऊन पाण्यासारखं खर्च होतं आणि माणसं नको ते उद्योग करतात.

सोनजांबच्या रहाटानं दोन वर्षांत चार जीव वाचवले होते. तो गावाला मिळावा म्हणून धम्मप्रियांनी तीन वर्षं अर्ज केले होते. फाईल माझ्याच टेबलावरून गेली होती.

"सहा वाजता मला नांदेडला फोन करायचाय," मी म्हणालो. "रहाट नाही असं सांगितलं की तक्रार तुमच्या नावावर. नोकरी जाईल, आणि या गावाला पुन्हा रहाट मिळणार नाही."

"म्हाईत हाय. आन् गाव काय बोलंल ते बी म्हाईत हाय. सिस्टरनंच इकला म्हणतील."

हे मला कुणी समजावून सांगायला नको होतं. आमच्या वस्तीतल्या बाईच्या ताब्यातली वस्तू हरवली की पहिलं बोट कुणाकडे जातं, ते मी बावन्न वर्षं बघत आलोय. मला चीड आली आणि चीड आली की माझं डोकं बरं चालतं.

२

"आधी काहीतरी पोटात घाला," म्हणत धम्मप्रियांनी टेबलावरचा लोटा माझ्यापुढे सरकवला. त्यात आंबील होती. ज्वारीचं पीठ रात्रभर आंबवून ताकात कालवतात, वरून लसूण-मीठ. येळवशीला ही घरोघर होते. मी अर्धा लोटा एका दमात संपवला. गोडसर, जिभेवर किंचित चरचरणारी, अगदी बेतशीर.

"झकास! कुणाची?"

"पार्वतीमावशीची. बिरादारांची. सकाळी नऊला रानात जाता जाता देऊन गेल्या. दरसाल आणतात, रहाटानं नवरा वाचला तवापासून. यंदा म्हैस आटली म्हणून एकच बिंदगी केली म्हणाल्या, तरी मला लोटाभर काढून ठिवलीच."

बिंदगी म्हणजे आंबिलीचं गाडगं. पोट मोठं, तोंड लहान.

मग सकाळचा हिशेब लावला. नऊ वाजता मावशी बिंदगी डोक्यावर घेऊन गेल्या तेव्हा रहाट जागेवर होता. दहाला धम्मप्रिया एका बाळंतिणीला बघायला गेल्या. साडेअकराला परतल्या तेव्हा रहाट नव्हता. कुलूप फोडलेलं नव्हतं. चावी बाहेर चौकटीआडच्या खिळ्यावर असते आणि ते गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक.

"इथे कुणीच नव्हतं?"

मागच्या राहत्या खोलीतून उत्तर आलं. "मी होते."

लुंबिनी, त्यांची धाकटी बहीण. लातूरला क्लास लावून डॉक्टरीच्या परीक्षेची तयारी करत होती. डोळे जागरणानं सुजलेले.

"कानात घालून व्हिडिओ बघून राहिले होते. काहीच ऐकू आलं न्हाई."

"रहाटाला हात लावलास?"

"आज न्हाई." तिनं बहिणीकडे बघितलं. "पण ताईला मी दहादा म्हणले होते, मला रोज एक उजवा फेरा दे. बाकीची पोरं चोवीस तास अभ्यास करतात, मला एकोणतीस मिळतील. ताईनं कान उपटला."

तिचा प्रामाणिकपणा मला आवडला, पण प्रामाणिकपणानं कुणी सुटत नाही. मी खाली वाकून घडवंचीखाली हात घातला. बोटांना काहीतरी गार लागलं. पितळेची खीळ. उजव्या फेऱ्याची.

विकायला नेणारा माणूस खीळ काढत बसत नाही. ज्यानं रहाट नेला त्याला तो फिरवायचा होता, आणि तोही उजवीकडे.

३

"उजवा फेरा आणखी कुणाला हवा होता?" मी धम्मप्रियांना विचारलं. आम्ही दोघं पांदीनं रानाकडे चाललो होतो. दोन्हीकडं ज्वारी पोटऱ्यात आलेली, आणि प्रत्येक रानातून कुणी ना कुणी हाक मारत होतं, "या की ओ, जेवून जावा!" येळवशीला वाटसरूला न जेवता जाऊ देत नाहीत आणि वाटसरूनं नाही म्हणायचं नसतं.

"नागनाथरावाला," त्या म्हणाल्या. "चाकूरात बियाणाचं दुकान हाय त्यांचं."

आम्ही त्यांच्या रानात शिरलो. नागनाथरावांनी मला बघितलं आणि त्यांच्या मिशा ताठ झाल्या. "तुमीच का ते सरवदे? माझा अर्ज तीनदा फेटाळला त्यो?"

"मीच."

"अवो, बी उगवतंय का न्हाई ते बघायला मला आठ दिस थांबाव लागतंय. तुमच्या उजव्या फेऱ्यात दीड दिसात उरकलं असतं. शेतकऱ्याला खोटं बी तर गेलं नसतं!"

कारण चांगलं होतं. चांगल्या कारणासाठी चोरी करणारे मी पुष्कळ पाहिलेत. मी त्यांच्या खोपीत डोकावलो. कडब्याची, पूर्वेला तोंड केलेली छोटीशी खोप, आत पाच पांडव म्हणून चुन्यानं रंगवलेले पाच दगड मांडलेले. कोपऱ्यात ताटलीत ओल्या फडक्यावर सोयाबीनचे दाणे होते. सकाळीच भिजवलेले. फुगले होते, पण मोड एकालाही नव्हता. त्यांच्या बायकोनं आंबील दिली. ती प्यायलो. गोडसर.

"आज उपकेंद्रात गेला होता का?"

"गेलो की. पावणेअकराला, चौथा अर्ज द्यायला. सिस्टर न्हवत्या, परत आलो. आत बघितलं बी न्हाई." मग ते धम्मप्रियांकडे वळले. "दाराला निस्ती कडी होती बघा. म्या म्हटलं, कुलूप कसं न्हाई?"

म्हणजे रहाट अकराच्या आतच गेला होता.

"वाटेत कोण भेटलं?"

"येळवशीला कोण भेटत न्हाई ते इचारा. बायाच बाया, डोक्यावर टोपल्या, बिंदग्या. साडेधाला पार्वतीकाकू दिसली. एक बिंदगी डोक्यावर, एक कडंवर. म्या म्हटलं, काकू, या वयात दोन दोन कशापायी? तर हसली." त्यांनी शेजारच्या रानाकडे हात केला. "त्ये बघा, त्यांचंच रान. खोप बघा केवढी बांधली यंदा! आन् एक गंमत सांगू का? अकरापसून त्या खोपीतून निस्ती भुणभुण यून राहिली होती. म्या म्हटलं, मव्हाचं पोळं बसलं का काय कडब्यात. आत्ता बाराच्या पुढं कुठं थांबली."

मी जागेवरच उभा राहिलो. उजव्या फेऱ्यात बोलणाऱ्या माणसांचा आवाज बाहेरच्याला कसा ऐकू येतो, हे त्या शिवारात फक्त मला ठाऊक होतं.

४

बिरादारांची खोप खरोखरच मोठी होती. सात-आठ माणसं पाय पसरून झोपतील एवढी, आणि तोंडावर घोंगडी टांगलेली. घोंगडी आता बाजूला सारली होती. बाहेरच्या लिंबाच्या झाडाला, चांगल्या शंभर पावलांवर, एक पिशवी लोंबत होती आणि तिच्यातून फोन वाजत होते. कुणीही उठत नव्हतं.

"फोन झाडाला?" मी विचारलं.

"मीच टांगले," पार्वतीबाई म्हणाल्या. सत्तरीच्या, सडसडीत, कपाळाला मोठं कुंकू. "सणाच्या दिवशी मेली ती पिरपिर कशाला? घड्याळं बी त्यातच टाकली. बसा साहेब. ए दीपमाला, ताट वाढ."

सून उठली आणि खजील होऊन परत बसली. भज्जीचं, म्हणजे येळवशीच्या मिसळ भाजीचं, पातेलं खरवडून लख्ख होतं. बाजरीच्या उंड्यांची टोपली रिकामी. आजूबाजूच्या रानांत लोक कुठे आता पहिल्या पंगतीला बसत होते. आमच्या पायाशी खोपीतली चूल होती, तिची राख पार गार. आणि दुपारच्या दीड वाजता एक नातू आजीच्या मांडीवर लोळत म्हणत होता, "आजी, लई झोप आली. रात कधी हुती गं?"

"जेवाय काई उरलं न्हाई," पार्वतीबाई चाचरल्या. "पर दारी आलेल्याला तसंच धाडायचं नसतंय आज." त्यांचा हात बिंदगीपर्यंत गेला आणि क्षणभर तिथेच थांबला. मग त्यांनी लोटा भरला. मी तेव्हा त्यांचा चेहरा बघितला. ही बाई लोटा देताना घाबरली होती.

मी घोट घेतला. डोळ्यांत पाणी आलं. आंबट ढाण! दुसऱ्या दिवशी उरलेली असावी तशी.

कोपऱ्यात दुसरी बिंदगी होती, धडप्यात, म्हणजे जुन्या फडक्यात, पुरती गुंडाळलेली.

मी काही बोलणार तोच धम्मप्रियांनी माझी बाही ओढली. त्यांचं लक्ष आंबिलीकडे नव्हतंच. त्या खोपीच्या दुसऱ्या टोकाला बघत होत्या. तिथे बिरादारांचे दोन मुलगे, अण्णाराव आणि रामलिंग, एका घोंगडीवर बसून काहीतरी आठवून हसत होते.

"साहेब," त्या कुजबुजल्या, "ही दोघं बोलून राहिलीत. नऊ वर्षांत ह्यांनी एकमेकांचं तोंड बघितलं न्हाई."

५

मी लोटा खाली ठेवला आणि जे होतं ते सगळ्यांपुढे बोललो. मला आडपडदा जमत नाही.

"पार्वतीबाई, सकाळी नऊला तुम्ही सिस्टरना आंबील दिलीत. ती मी बारा वाजता प्यायलो. गोडसर होती. तीच आंबील, त्याच बिंदगीतली, दीड तासानं तुमच्या खोपीत इतकी आंबट कशी? बिंदगी निराळी म्हणाल, तर यंदा एकच केलीय असं तुम्हीच सांगितलंत. मग ही दुसरी कशाची? लुंबिनीनं उपकेंद्रात रहाट फिरवला असता तर तिथला लोटाही आंबला असता. नागनाथरावांनी फिरवला असता तर त्यांच्या दाण्यांना मोड आले असते. वेळ फक्त इथे पळाली. तुमचं जेवण दोनदा झालं, चूल विझून गार झाली, पोराला रात्रीची झोप आली. बाहेरच्यांना ऐकू आली ती पोळ्याची भुणभुण नव्हती, तुमचं बोलणं होतं. आणि येळवशीच्या दिवशी बाईच्या कडेवर बिंदगीच्या आकाराचं काही असलं, तर धडप्यात काय आहे हे कोण विचारतो?"

पार्वतीबाईंनी वाद घातला नाही. त्या उठल्या, धडपा सोडला. पितळ उन्हात चमकलं.

"चोरी म्हणा साहेब. खरंच हाय. धनी डाव्या फेऱ्यात पडले होते तवा म्या काचंतून बघितलं, मूठ कशी फिरवत्यात. उजवीकडं फिरवलं तर काय हुतंय ते सिस्टरनंच सांगितलं होतं. आज सिस्टर भाईर पडेस्तवर बिंदगी घेऊन गावातच थांबले." त्यांनी मुलांकडे बघितलं. "ही दोघं दरसाल येळवशीला येतात. एक आला की दुसरा उठतो. घास गिळला, फोन वाजला, चालले. यंदा दोघांला एकाच वक्ताला बोलावलं. पर तासभरात निस्तं जेवण हुतंय. भांडण मिटवायला येळ लागतो, साहेब. आधी गप बसाव लागतं, मग रागवाव लागतं, मग रडाव लागतं. तेवढा येळ ह्यांच्याकडं न्हवता. म्हणून म्या आणला. चारला परत ठिवणार होते."

"आन् आमाला कळलं नसंल, असं वाटलं का माय तुला?" अण्णाराव म्हणाला.

त्या वळल्या.

"दोनदा जेवलो, एक झोप काढली, आन् घोंगडीच्या फटीतनं बघावं तर भाईर लिंबाची सावली हातभर बी सरकंना. कळलं की. रामलिंगाला बी कळलं. बायांला बी."

"मग बोलला कामून न्हाई?"

"बोललो असतो तर तू मूठ थांबवली असतीस," रामलिंग म्हणाला. तो खाली बघत होता. "म्या बारशाचं काढलं होतं तवा. माझ्या पोरीच्या बारशाला आण्णा आला न्हाई, ही गाठ धरून बसलो होतो मी. त्याच दिवशी वैनीचं तीन महिन्यांचं पोट पडलं होतं, म्हणे. त्यानं कुणाला सांगितलंच न्हाई. मी नऊ वर्षं त्याला शिव्या देऊन राहिलो, आन् ह्यो..." अण्णारावनं त्याच्या पाठीवर हात ठेवला.

धम्मप्रिया मात्र पुढे झाल्या. "मावशी, माझ्यापशी मांडीला मांडी लावून बसलात. लोटा दिलात. आन् माझ्याच खिळ्यावरली चावी काढली. माझी नोकरी जाईल, गाव मला चोर म्हणंल, हे डोक्यात आलं न्हाई?"

पार्वतीबाईंनी हातातला धडपा घडी करून खाली ठेवला.

"न्हाई आलं, पोरी," त्या म्हणाल्या. "खोटं कशाला बोलू? माझ्या लेकरांफुडं तू मला दिसलीच न्हाईस." मग त्यांनी रहाट उचलून कडेवर घेतला. "चल. जे बोलायचंय ते गावाफुडं बोलते."

६

साडेचारला लोक रानातून परतू लागले तेव्हा उपकेंद्राच्या पायरीवर पार्वतीबाई उभ्या होत्या, मागे दोन मुलगे. येणाऱ्या प्रत्येक बैलगाडीला, प्रत्येक मोटरसायकलीला थांबवून त्या सांगत होत्या. "रहाट म्या नेला होता. सिस्टरचा काई दोष न्हाई. ऐकलं का? म्या!" नवव्या-दहाव्या माणसाला सांगताना त्यांचा आवाज बसला, तेव्हा रामलिंग सांगू लागला.

मी आत बसून काटा बघितला. उन्हाचा साठा निम्म्याच्या खाली.

"पावसाळ्यापर्यंत भरंल," धम्मप्रिया म्हणाल्या. "साप तवाच निघतात. पर तुमच्या फोनचं काय?"

मी नियमांचं पुस्तक काढलं. नियम मोडणारा माणूस मी नाही. पण नियमात जे लिहिलंय ते कुणी नीट वाचत नाही, हेही माझ्या अनुभवाचं आहे. सतरावा नियम असा: उजवा फेरा केवळ रुग्णाच्या उपचारासाठी, ताबा असणाऱ्याच्या निर्णयानं, तपासनिसाच्या सहीनं, नोंद त्याच दिवशी सूर्यास्तापूर्वी. सही फेऱ्याच्या आधी हवी की नंतर, हे त्यात लिहिलेलं नाही. बारा वर्षांत हा नियम कुणी वापरला नव्हता.

"खोटं मी एक अक्षरही लिहिणार नाही," मी त्यांना सांगितलं. "रहाट न विचारता नेला, हे माझ्या अहवालात येईल. पार्वतीबाईंचं नाव येईल, चावी खिळ्यावर होती तेही येईल, त्याची समज तुम्हाला मिळेल. पण त्या खोपीत जी माणसं होती ती रुग्ण होती की नव्हती, हे मी ठरवू शकत नाही. ते ठरवायचा हक्क तुमचा. नाही म्हणालात तरी तुमच्यावर ठपका येणार नाही. चोर कोण ते आता गावाला ठाऊक आहे. रहाट मात्र नांदेडला परत जाईल."

त्या खिडकीतून बाहेर बघत राहिल्या. त्यांचा राग गेला नव्हता. जायला हवा असंही मला वाटत नव्हतं. पायरीवर पार्वतीबाई बसल्या होत्या, घसा धरून, आणि लुंबिनी त्यांना पाणी देत होती.

धम्मप्रियांनी रुग्णांची वही ओढली. पेनाचं टोपण काढलं. मी खांद्यावरून वाचत होतो.

नाव: अण्णाराव नरसिंग बिरादार, रामलिंग नरसिंग बिरादार. तक्रार: बोलणं बंद. किती दिवसांपासून: नऊ वर्षं. उपचार: उजवा फेरा, आतले सात तास. फरक: बोलतात.

शेवटचा रकाना राहिला होता, पुन्हा कधी यावे. तिथे त्यांचं पेन थांबलं. बाहेर कुणीतरी मोठ्यानं हसलं. अण्णाराव होता की रामलिंग, आवाजावरून कळत नव्हतं.

"मावशी!" धम्मप्रियांनी खिडकीतून हाक मारली. "पुढल्या येळवशीला दोघांला सकाळी आठलाच बोलवा. दिवसभर बसू द्या. रहाटाबिगर." आणि तीच तारीख त्यांनी रकान्यात लिहिली.

मी सही केली आणि नांदेडला फोन लावला.